समुद्राकडे पाठ

फुजैराला मराठी घरं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. दुबईकरांना आम्ही वर्षभर आठवत नाही. पण डोंगरामागे जरा काळं दिसलं की आमचा फ्रीज, आमचं बाथरूम आणि आमचा प्रेमळ स्वभाव त्यांना एकदम आठवतो. शनिवारी सकाळी फोन येतो, "वहिनी, आज तुमच्याकडे क्लाऊड डेव्हलपमेंट मस्त दिसतंय. निघालोच आहोत." मी नुकतीच उठलेली असते आणि माझ्याकडे डेव्हलप झालेली फक्त भांडी असतात.

या देशात पाऊस बघायला लोक गाड्या काढून डोंगरात जातात, त्यात काही नवल नाही. आमच्या या मंडळींनी मात्र त्याचं शास्त्र केलं होतं. त्यांचा आकाशनिरीक्षकांचा व्हॉट्सॲप ग्रुप होता. ढग ओळखायचे, वादळ ओळखायचं, टोर्नेडो दिसला तर त्याची खबर द्यायची, असा उदात्त हेतू. ग्रुपचे ॲडमिन दुबईत एसीच्या डक्टचं काम करणारे इंजिनिअर. हवा एका खोलीतून दुसऱ्या खोलीत नेण्यात त्यांची हयात गेली, त्यामुळे आपल्याला हवेतलं कळतं असा त्यांचा समज होता, आणि हळूहळू आमचाही झाला. त्यांनी वादळ ओळखण्याचा एक अमेरिकन कोर्स ऑनलाइन केला होता. चमकत्या पट्ट्यांचं जाकीट, वारा मोजायचं हातात धरायचं यंत्र आणि गाडीवर एक अँटेना. ती अँटेना कशाला जोडलेली आहे हे मी एकदा विचारलं, तर त्यांनी विषय बदलला.

मी त्या ग्रुपमध्ये का गेले, ते आधी सांगते, नाहीतर वाटेल मलाही ढगांचं वेड. माझा नवरा बंकर सर्व्हेयर आहे. म्हणजे इथे समुद्रात नांगर टाकून उभ्या असलेल्या जहाजांना जे तेल भरतात, ते बरोबर भरलं का हे मोजायला तो जातो. बंदरातून लाँचने जहाजापाशी जायचं आणि जहाजाच्या अंगावरून खाली सोडलेल्या दोरीच्या शिडीवरून वर चढायचं. लाँच खाली लाटेवर नाचत असते आणि शिडी भिंतीला आपटत असते. इतकी वर्षं मी समजत होते की जिना असेल. मग एकदा लेकीने त्या शिडीचा व्हिडिओ दाखवला आणि त्या दिवसापासून मी आकाशाकडे बघायला लागले. नवरा मला "आमची वेधशाळा" म्हणायचा. सकाळी मी गॅलरीतून म्हणायचे, आज ढग बरे दिसत नाहीत. तो फोन बघून म्हणायचा, "ऑफिशियल काही नाही," आणि डबा उचलून जायचा.

ॲडमिनसाहेबांनी पहिला वर्ग घेतला तो आमच्याच हॉलमध्ये, कारण उपमा मीच केला होता. खोटं कशाला बोलू, शिकवलं त्यांनी चांगलं. म्हणाले, सगळे ढगाचं डोकं बघतात, तुम्ही तळ बघा. ज्या भागाखाली पाऊस पडत नाही आणि तळ सुरीने कापल्यासारखा सपाट दिसतो, तिथे लक्ष ठेवा. त्या तळाचा एखादा तुकडा खाली उतरायला लागला तर लगेच ओरडू नका. समोरचा एखादा खांब धरा, ढगाचा तुकडा त्या खांबाशी लावा आणि मिनिटभर बघा. नुसता लोंबत असेल, वाऱ्याबरोबर सरकत असेल, तर ती ढगाची चिंधी. पण अलीकडची बाजू एकीकडे आणि पलीकडची बाजू उलटीकडे जात असेल, तर तो फिरतोय. फिरत फिरत सोंड उतरली की खाली बघा. जमिनीवर धूळ उडत असेल, पाण्यावर तुषार उडत असतील, तर सोंड टेकली. मधला भाग दिसत नसला तरी टेकली.

"पण साहेब," एकाने विचारलं, "रडार असताना आपण कशाला?"

"रडार लांबून बघतं," ॲडमिन म्हणाले. "त्याचा झोत जाता जाता वर जातो. इथे तर मध्ये डोंगर आहेत. खालचं शेवटचं जे काही असतं ना, ते त्याला दिसत नाही. तिथे माणसाचे डोळेच लागतात." हे वाक्य मी लक्षात ठेवलं. त्यांनी ठेवलं नाही, हे पुढे कळलं.

खबर कशी द्यायची, तेही त्यांनी सांगितलं. तुम्ही कुठे उभे आहात, कुठल्या दिशेला बघताय, काय दिसतंय, फिरतंय का, टेकलंय का, कुठे चाललंय. स्वतः पाहिलं तेवढंच. मेहुण्याने पाहिलेलं नको. मला ते फार सोपं वाटलं, कारण मी दातांच्या दवाखान्यात रिसेप्शनला असते. दिवसभर माणसं फोनवर नुसती विव्हळतात आणि मी त्यांना विचारत असते, वरचा की खालचा, डावा की उजवा, कधीपासून, गार लागल्यावर की गोड लागल्यावर. विव्हळण्यातून दात शोधायचा, एवढीच माझी नोकरी.

बाकीच्यांना ते तितकं सोपं गेलं नाही. पहिली खबर दुबईतल्या मुहैस्नाहहून आली. आमच्यातल्या एका साइट इंजिनिअरने व्हिडिओ टाकला, खाली लिहिलं, टोर्नेडो, आणि पुढे उद्गारचिन्हांची रांग. लेबर कॅम्पच्या मागच्या मोकळ्या जागेत धुळीची वावटळ उठली होती आणि वर आकाश निळंशार, ढगाचा ठिपकाही नाही. ॲडमिननी विचारलं, "याची सोंड कुठून लोंबतेय, सूर्यातून?" मग वावटळ खालून कशी उठते आणि टोर्नेडो वरून कसा उतरतो यावर ग्रुपमध्ये दुपारभर परिसंवाद झाला. त्या व्हिडिओत कॅम्पमधली माणसं वाळत घातलेले शर्ट पकडायला धावत होती. शर्ट सापडले का, हे कुणीच विचारलं नाही. मी विचारलं, तर एकाने मला हसणारा चेहरा पाठवला.

दुसरी खबर रास अल खोरची. काळा फिरता खांब, आकाशापर्यंत. गोदामांच्या मागे कुठेतरी टायर पेटले होते. तिसऱ्या खबरीत एका वहिनींनी गच्चीवरून लोंबणाऱ्या ढगाचा फोटो टाकला. मी विचारलं, खांबाशी लावून पाहिलंत का? त्या म्हणाल्या, गच्चीवर खांब नाही, डिश अँटेना आहे, चालेल का?

आणि काहीही झालं तरी ग्रुपमध्ये एक काका हमखास म्हणायचे, "सीडिंगचं आहे." इथे सरकार विमानं पाठवून ढगांत मीठ टाकतं हे खरं. पण काकांच्या मते वारा, वीज, गारा, धुकं आणि त्यांचा गुडघा, सगळं सीडिंगनेच होत होतं. सरकारने सोडलंय, सरकार बंद करेल, तुम्ही चहा घ्या. इतका भरवसा आपल्याकडे लोक देवावरही ठेवत नाहीत.

मागे तो मोठा पाऊस येऊन गेला आणि लोकांच्या गाड्या पार्किंगमध्ये पोहल्या, त्यानंतर मात्र ग्रुपचा नूर बदलला. कुणीतरी कुठलं तरी जुनं वादळ ताजं म्हणून फॉरवर्ड केलं, आणि अफवा पसरवणाऱ्यांना इथे दंड होतो हे सगळ्यांना एकदम आठवलं. ॲडमिननी नियम करून वर टाचून ठेवला. ऑफिशियल सोर्सशिवाय कुणीही काहीही टाकू नये. त्या दिवसापासून आकाशनिरीक्षक आकाश सोडून फोन निरीक्षू लागले. कुणी लिहायचं, "आमच्याकडे पाऊस पडतोय." लगेच खाली प्रश्न, "ऑफिशियल आहे का?" तो बिचारा ओल्या शर्टाने मेसेज मागे घ्यायचा.

मी हसते, पण त्यामागचं कळतंही मला. वीस-वीस वर्षं इथे राहून आपण एकच गोष्ट घोटून घोटून शिकलो. आपण व्हिसावर आलोय, आपल्याला काय करायचंय. शेजारी भांडण झालं, आपण ऐकलं नाही. ऑफिसात कुणाला काढलं, आपण पाहिलं नाही. अळीमिळी गुपचिळी. डोळे मिटून जगायची ज्यांना इतकी सवय, त्यांनीच बघण्याचा ग्रुप काढला, याची मला खरं तर चीडच यायची. नवऱ्याला सांगितलं, तर तो म्हणाला, "बरोबर आहे त्यांचं. कशाला लफडं?"

तर अशाच एका शनिवारी मंडळी आली. चार गाड्या, एक घडीचा तंबू, घडीची टेबलं, एका थर्मासात चहा आणि दुसऱ्यात मिसळीचा कट. फरसाण वेगळं, कांदा वेगळा, लिंबू वेगळं. निरीक्षणाची इतकी तयारी मी कुठे पाहिली नव्हती. समुद्राकाठच्या हिरवळीवर, इथे तिला कॉर्निश म्हणतात, तंबू लागला. आमची बिल्डिंग रस्त्याच्या पलीकडेच, त्यामुळे बाथरूमचीही सोय झाली. पश्चिमेला डोंगरांवर ढगांचा मोठा कोट उभा राहिला होता, आत विजा चमकत होत्या, दिसत होतं खरंच देखणं. सगळ्यांनी खुर्च्या तिकडे फिरवल्या, फोन तिकडे धरले.

मी मात्र समुद्राकडच्या कठड्यावर बसले. नवरा सकाळीच जहाजावर गेला होता. जाताना मी नेहमीसारखं म्हणाले होते, तो नेहमीसारखं "ऑफिशियल काही नाही" म्हणाला होता. जहाजावर तेलाचं काम, म्हणून डेकवर फोन चालत नाही. तो लॉकरमध्ये ठेवायचा. त्यामुळे परत लाँचमध्ये बसेपर्यंत मला त्याचा पत्ता नाही. लेक माझ्याशेजारी कानात काहीतरी घालून बसली होती.

"वहिनी," ॲडमिन तंबूतून म्हणाले, "पिक्चर इकडे आहे. तुम्ही प्रोजेक्टरकडे तोंड करून बसलाय."

सगळे हसले. मीही हसले, कारण वाक्य चांगलं होतं.

समुद्रावर डोंगरासारखं नाट्य नव्हतंच. वीज नाही, गडगडाट नाही. राखाडी ढगांची एक रांग होती फक्त. पण तिचा तळ सपाट होता. खाली पाऊस नव्हता, पलीकडची जहाजं स्वच्छ दिसत होती. बंदराचा दगडी बांध जिथे संपतो, तिथून उजवीकडे, नांगरलेल्या जहाजांच्या मधल्या पाण्यावर मला एक काळसर गोल दिसला. सावली म्हणावी तर ऊन नव्हतं. मी लेकीचा हात दाबला.

"मॉम, व्हॉट?"

"त्या दिव्याच्या खांबाच्या उजवीकडे वर बघ."

ढगाच्या तळातून एक सुळा बाहेर आला होता. आमच्या दवाखान्यात अर्धा उगवलेला दात असतो तेवढाच. मी डोकं कठड्याला टेकवून स्थिर केलं आणि सुळा खांबाशी लावला. चिंधी असू दे, मनात म्हणत होते, चिंधीच असू दे. अलीकडच्या कडेचे धागे उजवीकडे चालले होते. पलीकडचे डावीकडे. खाली त्या काळ्या गोलाभोवती पांढरं कडं उभं राहिलं आणि पाणी वर उडायला लागलं. मधला भाग अजून रिकामाच होता, पण मला शिकवलं होतं. आणि त्या कड्याच्या अलीकडेच लाँच ये-जा करत होत्या.

मी तंबूकडे धावले. "साहेब, समुद्रावर सोंड टेकलीय. फिरतेय. मी खांबाशी लावून पाहिलंय."

ॲडमिननी आधी फोनकडे पाहिलं. त्यांची मान समुद्राकडे वळायला काहीच त्रास नव्हता, पण ती वळली नाही. "रडारवर तिकडे काहीच नाहीये, वहिनी."

"रडारला खालचं दिसत नाही असं तुम्हीच सांगितलंत. माझ्या हॉलमध्ये. उपमा खाताना."

"हो, ते आहेच. पण ऑफिशियल काही आलंय का, ते बघू ना."

"सीडिंगचं विमान गेलं असेल मघाशी," काका म्हणाले. "थोडा कट घाला हो."

मी तिथेच उभी राहून फोटो काढला आणि ग्रुपवर टाकला. कुठून, कुठल्या बाजूला, काय, टेकलंय, किनाऱ्याकडे सरकतंय, असं सगळं रीतसर लिहिलं. दुसरा मेसेज टाइप करेपर्यंत पहिला गायब. ॲडमिननी काढून टाकला होता, माझ्यापासून हातभर अंतरावर बसून.

"रागावू नका, वहिनी," ते हळू आवाजात म्हणाले. "उद्या कुणी विचारलं तर? सगळ्यांच्या व्हिसाचा प्रश्न आहे."

हातच्या कांकणाला आरसा कशाला, असं म्हणतात. आमच्या मंडळींना कांकणाला आरसा हवा होता, आरशाला सर्टिफिकेट, आणि सर्टिफिकेट ॲटेस्ट केलेलं. मी काहीतरी फार वाईट बोलणार होते, पण माझा नवरा तिकडे होता आणि बोलण्यात वेळ जात होता.

त्याने इथे नोकरी धरली तेव्हा मला एक नंबर दिला होता. बंदरातल्या लाँचना जिथून रेडिओवर सूचना देतात, त्या खोलीचा. अगदीच तसं काही झालं तरच लाव, असं बजावून दिलेला. मी तो लावला. फोन उचलणाऱ्या माणसाचं हिंदी मल्याळी वळणाचं होतं.

"मॅडम, बोलिए."

"भैया, मैं कॉर्निशपे खडी हूँ, समुंदर की तरफ देख रही हूँ. बांध के सिरे से थोडा दाहिने, जहाजों के बीच, पानी पे बवंडर है. बादल से नीचे तक. घूम रहा है, नीचे पानी उड रहा है. किनारे की तरफ आ रहा है."

तिकडून मग तोच प्रश्न. "ऑफिशियल रिपोर्ट है क्या, मॅडम?"

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. इतका राग मला आयुष्यात कधी आला नव्हता. "नहीं भैया. मैं देख रही हूँ."

तिकडे खुर्ची सरकल्याचा आवाज आला. मग तो म्हणाला, "ओके. बांध का कौन सा सिरा, लाइट वाला?"

"लाइट वाला. हाथ सीधा करूँ तो लाइट और बवंडर के बीच मेरी मुठ्ठी जितना फासला है."

"ओके. लाइन पे रहो."

मी लाइनवर राहिले. त्याच्या मागे रेडिओचा आवाज ऐकू येत होता, तो भराभर काहीतरी सांगत होता, इंग्रजीत, मग हिंदीत, मग मल्याळीत. पाण्यावरच्या लाँच एकेक करून तोंड फिरवायला लागल्या. काही बंदराकडे, काही लांब दक्षिणेला. एक लाँच एका काळ्या जहाजाला चिकटून होती. ती तिथेच होती. मी फोनवर ओरडले, "एक लाँच अभी भी काले जहाज के पास है." तो म्हणाला, "देखता हूँ." मग तीही सुटली आणि पाणी कापत निघाली. ती कुणाची, त्यात कोण आहे, हे मला दिसत नव्हतं. सोंड आता वरपासून खालपर्यंत पूर्ण भरली होती, राखाडी, बारीक, आणि त्या लाँचच्या जागेवरून ती सरकत गेली.

आता मात्र तंबूला समुद्र दिसला. "अरे, वॉटरस्पाउट," ॲडमिन म्हणाले, जणू त्यांनीच तो शोधला. सगळ्या खुर्च्या फिरल्या. ॲडमिन कठड्यापाशी जाऊन लाइव्ह गेले, त्यासाठी त्यांनी पाठ समुद्राकडे केली आणि सोंड आपल्या खांद्यावर दिसेल असा कॅमेरा धरला. "मित्रांनो, आपण बघताय, निरीक्षकाने नेहमी सुरक्षित अंतर ठेवावं," असं ते सांगत होते. मागची सोंड दर वाक्याला जाड होत होती. सोंड डावीउजवीकडे सरकत नाही आणि नुसती मोठी होत जाते, तेव्हा ती आपल्याकडेच येत असते, हेही त्यांनीच शिकवलं होतं.

"उठा," मी म्हणाले. "बिल्डिंगमध्ये चला सगळे. आत्ता."

निम्मे गाड्यांकडे धावले, कारण गाडी आपली आणि बिल्डिंग परक्याची. लेकीने एका काकूंचा दंड धरला आणि कधी नव्हे ते मराठीत म्हणाली, "गाडीत नको, काकू, जिन्यात." तिच्या मराठीचा धक्का वादळापेक्षा मोठा असावा, कारण सगळे मुकाट तिच्यामागे आले. लॉबीत काचा होत्या, म्हणून मी सगळ्यांना जिन्याच्या पोटात कोंबलं. ॲडमिन शेवटी आले, अजून लाइव्हच होते.

बाहेर कुणीतरी मोठं सतरंजीसारखं काही फाडावं तसा आवाज आला आणि थोड्या वेळात थांबला. किनाऱ्यावर चढता चढता सोंड विरली होती. जाताना तिने आमचा तंबू नेला, टेबलं रस्त्यापलीकडे टाकली आणि मिसळीचा कट ॲडमिनच्या पांढऱ्या गाडीवर पुढून मागपर्यंत नीट पसरला. अँटेना मोडली. कुणाला खरचटलंही नाही.

आणि जिन्यात असतानाच सगळ्यांचे फोन एकदम वाजले. अस्थिर हवामान, किनाऱ्यापासून दूर राहावं, माहितीसाठी फक्त अधिकृत स्रोतांवर विश्वास ठेवावा. वरातीमागून घोडं आलं ते असं. ॲडमिनचा चेहरा उजळला. "आलं बघा ऑफिशियल," म्हणत त्यांनी ते ग्रुपवर टाकलं आणि टाचूनही ठेवलं. तिथे जिन्यात उभं राहून, एकमेकांच्या पायावर पाय देऊन, सगळ्यांनी त्याला अंगठे दिले.

मंडळी गाड्या पुसून दुबईला गेली. मी गॅलरीत बसले. ती काळ्या जहाजाजवळची लाँच डोळ्यांपुढून जात नव्हती. रेडिओच्या खोलीत मी पुन्हा फोन केला, तर तो व्यस्त. नवऱ्याचा फोन बंद. लेक दोनदा चहा घेऊन आली आणि दोनदा गार झालेला कप घेऊन गेली. मग येऊन माझ्याशेजारी खाली बसली. मला देव आठवत नव्हता, मला फक्त शिडी आठवत होती.

दिवेलागणीला तो आला. नेहमीसारखा, घामट, डबा हातात. दारातच म्हणाला, "आज एक गंमत झाली."

तो बूट काढत सांगत होता. काम संपलं होतं, खाली लाँच येऊन लागली होती. तो जहाजाच्या कठड्यावरून पलीकडे गेला, एक पाय शिडीवर ठेवला. तेवढ्यात खालच्या लाँचवाल्याने दोन्ही हात हलवले, वर जा, वर जा, आणि लाँच सोडवून तो चक्क पळून गेला. "मी शिव्या दिल्या त्याला वरून. अर्धवट लोंबकळत ठेवून गेला मला. कसाबसा परत वर चढलो आणि बघतो तर ते आलं. बाजूने गेलं आमच्या. शिडी अशी उडाली ना, डेकवर येऊन पडली." त्याने हाताने दाखवलं. मग पाणी प्यायला. "कंट्रोलने वेळेवर सांगितलं म्हणून. काही म्हण, इथली सिस्टीम चांगली आहे. उगाच नाही मी म्हणत, ऑफिशियल ते ऑफिशियल."

लेकीने कानातले इअरफोन काढले. "पपा," ती म्हणाली, "द सिस्टीम वॉज मॉम."

त्याला आधी कळलं नाही. तिने सांगितलं, इंग्रजीत, खांबापासून फोनपर्यंत सगळं. त्याने हातातला ग्लास खाली ठेवला आणि माझ्याजवळ आला. मी तेव्हा रडले, चांगली मोठ्याने, आणि रडता रडता त्याला, ॲडमिनला, काकांना आणि एकंदर मराठी समाजाला जे काही बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही.

त्याच संध्याकाळी ॲडमिननी ग्रुपवर वृत्तांत टाकला. आपल्या टीमने फुजैरा येथे वॉटरस्पाउटचं यशस्वी निरीक्षण केलं. खाली रीतीप्रमाणे आभार. तंबूसाठी अमुक यांचे, मिसळीसाठी तमुक यांचे, आणि चहा व बाथरूमच्या सोयीसाठी फुजैराच्या वहिनींचे विशेष आभार. काकांनी लिहिलं, "सीडिंगचं होतं." मी ग्रुप सोडला नाही. इतकी फुकट करमणूक दुसरीकडे कुठे मिळणार?

त्यानंतर बरेच दिवस आकाश कोरडं होतं. मग एका सकाळी, मी दवाखान्याला निघायच्या गडबडीत असताना नवऱ्याचा फोन आला. तो बंदरावर होता, मागे लाँचचं इंजिन वाजत होतं.

"गॅलरीत ये जरा," तो म्हणाला.

मी आले. समुद्रावर ढग होते. नेहमीचेच असतील, नसतीलही. मी मुद्दाम विचारलं, "का? ऑफिशियल काय म्हणतंय?"

"ते येईल तेव्हा येईल. तुला काय दिसतंय ते सांग," तो म्हणाला. "तोपर्यंत मी लाँचमध्ये बसत नाही."